ऐकू येतं, पण दिसत नाही

वाचकाचं पत्र, थोडक्यात: खान्देशातल्या एका गावचा 29 वर्षांचा तरुण लिहितो. बी.ए. झाला आहे. गेली आठ वर्षं कबड्डी, टेनिस बॉल क्रिकेट आणि यात्रेतल्या कुस्त्यांची कॉमेंट्री करतो. शिवाय आकाशवाणीवर नैमित्तिक निवेदक म्हणून महिन्याला मोजक्या ड्युट्या मिळतात. दिवाळी ते मे या काळात स्पर्धांचे दिवसाला हजार-दीड हजार सुटतात, पावसाळ्यात हात रिकामा. रेडिओवर खेळांचं धावतं समालोचन करणं हेच करिअर करायचं, असं त्याने ठरवलं आहे. मागच्या हिवाळ्यात जिल्हास्तरीय कबड्डीच्या अंतिम सामन्यात रेडिओवर वीस मिनिटं बोलायची संधी मिळाली. नंतर मित्र म्हणाले, ‘आवाज जबरदस्त, पण कोण पुढे आहे तेच कळत नव्हतं.’ जोशात आला की त्याच्या ‘ळ’चा ‘य’ होतो, त्याचीही लाज वाटते. बहिणीच्या नवऱ्याने ठिबकच्या दुकानात 14 हजारांची नोकरी देऊ केली आहे. वडील म्हणतात, हे बोंबलणं आता पुरे. मुलीकडचे विचारतात, मुलगा काय करतो? कॉमेंट्री करतो. ते ठीक, पण काय करतो? शेवटी त्याचा प्रश्न असा: पुण्या-मुंबईला निघून जाऊ की दुकानात बसू? जाता जाता त्याने हेही लिहिलंय की काचबिंदूने नजर गेलेले आजोबा मंडपामागे खुर्ची टाकून ऐकत बसतात आणि कुरकुरतात, ‘तुनं बठ्ठं ऐकू येस, पन दिसत काहीच नही.’

भाऊ,

चार पानी पत्रात आजोबांच्या वाट्याला तुम्ही दीड ओळ दिलीत. मी तिथेच अडकले. त्या वीस मिनिटांत काय चुकलं, हे तुमच्या मित्रांच्या आधी आजोबांनी सांगून ठेवलं होतं. तुम्ही ते म्हाताऱ्या माणसाचं कुरकुरणं म्हणून सोडून दिलंत.

मैदानावरच्या भोंग्यातून बोलणं आणि रेडिओवर बोलणं हे दोन वेगळे धंदे आहेत. मैदानावरच्या माणसाला सगळं दिसत असतं. चढाईपटू कुठल्या कोपऱ्यात घुसला, घोटा कोणी धरला, साखळी कशी मिटली, हे त्याने स्वतः पाहिलेलं असतं. तुम्ही त्यात फक्त हवा भरता. ‘काय पकड, काय पकड, वाघ आहे वाघ!’ एवढ्यावर शिट्ट्या पडतात. रेडिओवर हेच बोललात की ऐकणारा विचारतो, अरे पण कोणाची पकड? कोणी केली? आणि आता किती-किती? आठ वर्षं तुम्ही डोळस लोकांसाठी बोलत आलात, आणि त्या दिवशी अचानक न दिसणाऱ्यांसाठी बोलायची वेळ आली. गडबड झाली नसती तरच नवल.

1927 च्या जानेवारीत बीबीसीने ट्विकनहॅमहून इंग्लंड-वेल्स रग्बी सामन्याचं थेट वर्णन प्रसारित केलं. खेळाचं असं वर्णन करायची त्यांची ती पहिलीच वेळ. ऐकणाऱ्यांना नीट कळावं म्हणून मैदानाचे चौकोन पाडून, त्यांना आकडे देऊन नकाशा छापला होता. आणि समालोचक वेकलम यांच्याजवळ एक अंध गृहस्थ बसवले होते, यांना सांगताय असं समजून बोला म्हणून. बीबीसीला तो माणूस बाहेरून आणावा लागला. तुमच्या तो घरात आहे.

तेव्हा पुण्याच्या गाडीचं तिकीट काढण्याआधी हे करा. मोबाइलवर कबड्डीचा एखादा जुना सामना लावा, आवाज पूर्ण बंद करा, आजोबांशेजारी बसा आणि पाच मिनिटं बोला. मग थांबा आणि त्यांना विचारा: गुण किती-किती? चढाई कोणाची चालू आहे? समोर किती जण उरलेत? आजोबांचं उत्तर चुकलं तर चूक तुमची. रोज पाच मिनिटं, निदान दोन महिने. सगळं फोनवर रेकॉर्ड करून ठेवा आणि दुसऱ्या दिवशी ऐका. आपलाच आवाज ऐकताना पहिले आठ दिवस कानावर हात ठेवावासा वाटेल, पण ते चुकणार नाही.

कबड्डीत चढाई 30 सेकंदांची. एवढ्यात कवितेला जागा नसते. कोण निघाला, कुठल्या अंगाने निघाला, समोर किती बचावपटू, हात लागला की पाय, मध्यरेषेपर्यंत परतला की नाही, आणि गुण. हा क्रम जिभेवर बसला की वाघ-सिंह आपोआप कमी होतात. ‘डावा कोपरा’ म्हणालात तर तो कोणाचा डावा, हे सुरुवातीलाच सांगून टाका. मध्यंतरानंतर बाजू बदलल्या की पुन्हा सांगा. त्याहून सोपं म्हणजे मैदानाच्या खुणा धरा. ही शाळेची बाजू, ही पाण्याच्या टाकीची बाजू. आजोबांनी ते मैदान नजर असताना पाहिलंय, त्यांना लगेच दिसेल.

आणि नावं! आपल्याकडे सात जणांच्या संघात चार पाटील असतात, उरलेल्या तिघांत एक महाजन आणि एक चौधरी. ‘पाटीलने पाटीलला बाद केलं’ असं वाक्य मी स्वतः एका स्पर्धेत ऐकलंय आणि अख्खा मंडप हसला होता. सामन्याआधी अर्धा तास दोन्ही संघांत जाऊन बसा. पहिलं नाव, गाव, बनियनचा नंबर, कुठल्या कोपऱ्यात खेळतो, घरी त्याला काय म्हणतात, हे सगळं एका पुठ्ठ्यावर लिहा. तुमच्या तयारीतला निम्मा वेळ यातच जायला हवा.

गुण सांगण्याबद्दल एक युक्ती आहे, ती माझी नाही. अमेरिकेत बेसबॉलचं रेडिओ-वर्णन करणारे रेड बार्बर समोर तीन मिनिटांचं वाळूचं घड्याळ ठेवायचे. वाळू सरली की ते उलटायचं आणि गुण सांगायचे, कारण कोणीतरी आत्ताच रेडिओ लावलेला असतो. कबड्डीत तीन मिनिटं फार झाली, दर दोन चढायांनंतर सांगा. बार्बर यांच्या हाताखाली तयार झालेले व्हिन स्कली 1950 ते 2016 अशी 67 वर्षं एकाच संघासाठी बोलत राहिले. तो संघ 1958 मध्ये लॉस एंजेलिसला आला तेव्हा मैदान इतकं अवाढव्य होतं की लांब बसलेले लोक ट्रान्झिस्टर घेऊन यायचे आणि समोरचा खेळ स्कलींच्या तोंडून ऐकायचे. हे वाचलं की मला पाचोऱ्याचे माझे मामा आठवतात. जिनिंगमध्ये काट्यावर बसायचे, कापसाच्या गाड्यांची रांग लागलेली, आणि मापाच्या वहीशेजारी ट्रान्झिस्टर. बाळ ज. पंडितांचा आवाज आला की गाडीवाले बैल सोडून काट्यापाशी जमायचे. पंडित स्वतः महाराष्ट्राकडून रणजी खेळलेले. क्रिकेट मराठीत सांगायची वाट ज्यांनी पाडली त्यांतले ते. आरडाओरडा नाही. तरी मामांना चेंडू कुठे गेला ते दिसायचं, वजन करताना हात थांबायचा.

आता ‘ळ’. याची लाज तुम्हाला का वाटते, हे मला कळतं, कारण धुळ्याहून पुण्यात शिकायला गेल्यावर मीही ती भोगली. आपल्याकडे डोळ्याचा डोया, केळ्याचं केय आणि जळगावचं जयगाव होतं. हा दोष नाही, आपल्या बोलीचा तो स्वभाव आहे. पण निवेदकाला दोन्ही घरं ठाऊक पाहिजेत. नेमकं नाव उच्चारताना पर्याय नाही: खेळाडू कोळी असेल तर तो कोळीच, माळी असेल तर माळीच. तेवढं घोटा. मोठ्याने वाचन करा, वर्तमानपत्राचं अर्धं पान, रोज, ‘ळ’ आणि ‘ण’ असलेले शब्द अधोरेखित करून. पण तेवढ्यासाठी अहिराणीला तोंडातून हाकलून देऊ नका. निर्णायक चढाईत ‘धरा रे त्याले’ हे बचावपटू ओरडताहेत, तर ते तसंच सांगा. कुस्तीत तर ही मोकळीक कधीचीच आहे. कोल्हापूरकडच्या कोथळीचे शंकर पुजारी कुस्तीचं निवेदन करतात ते तिकडच्या मातीच्या बोलण्यातच, आणि लोक कुस्तीइतकंच त्यांना ऐकायला येतात. तुम्ही कशाला प्रमाण भाषेचा इस्त्री केलेला सदरा घालून आखाड्यात उतरता?

इथवर कसब झालं. पोटाचं वेगळं.

तुमच्या पत्रात ‘रेडिओवर समालोचक व्हायचंय’ हे वाक्य चार वेळा आलंय, जणू त्या नावाची जागा कुठेतरी भरायची आहे आणि अर्ज करायचा तेवढा राहिलाय. तशी जागा नसते. हिंदी समालोचक जसदेव सिंग यांचं नाव घ्या: ऑलिंपिक आणि हॉकी तर त्यांनी गाजवलीच, पण 26 जानेवारीच्या संचलनाचं वर्णनही त्यांचंच असायचं. अमेरिकेतल्या छोट्या गावांच्या बेसबॉल संघांकडे रेडिओवर बोलणारा जो तरुण असतो, तो बहुतेक ठिकाणी संघासाठी जाहिराती गोळा करतो, तिकिटं खपवतो, बातम्या लिहितो. खेळाचं बोलणं नेहमी दुसऱ्या कशाला तरी बांधलेलं असतं. तुमचं ते कशाला बांधायचं, हा खरा प्रश्न. ‘समालोचन की नोकरी’ अशी लढत लावून तुम्ही तो उगाच अवघड करून ठेवलाय.

पुण्या-मुंबईबद्दल माझं मत स्पष्ट आहे: बिऱ्हाड घेऊन जाऊ नका. मोठ्या स्पर्धांचं मराठी समालोचन वाढलंय, हे खरं. 2023 च्या आयपीएलला जिओसिनेमावर मराठी पर्याय होता. पण तिथल्या खुर्च्यांवर मुख्यतः खेळलेली माणसं असतात. त्याच हंगामात केदार जाधव मराठीत बोलत होते आणि मधेच बंगळुरूच्या संघाने त्यांना खेळायलाच बोलावून घेतलं! त्या रांगेत तुमचा नंबर कितवा, याचा विचार करा. तिकडे भाड्याच्या खोलीत बसून वाट बघण्यापेक्षा इथून दहा मिनिटांचा नमुना पाठवा, बोलावलं तर तीन दिवसांसाठी जा. आणि मोठं व्हायला गाव सोडावंच लागतं, असंही नाही. सुशील दोशी इंदूरचे, म्हणजे शिरपूर ओलांडलं की आग्रा रोडने सरळ. हिंदी समालोचनासाठी 2016 ला पद्मश्री मिळाली, आणि इंदूरच्या होळकर स्टेडियममधल्या समालोचन कक्षाला त्यांचं नाव आहे.

आकाशवाणीच्या ड्युट्या सोडू नका, पण त्यातून कायम नोकरी उगवेल या आशेवर वर्षं घालवू नका. नैमित्तिक म्हणजे नैमित्तिक. तिथे तुम्हाला मिळतं ते मोल वेगळं आहे: वेळेचं भान, माइकपासूनचं अंतर, शांत बोलण्याची सवय. कार्यक्रम अधिकाऱ्यांकडे ‘मला संधी द्या’ म्हणून जाऊ नका. दहा मिनिटांचा साप्ताहिक क्रीडावृत्तांत, तीन भाग रेकॉर्ड करून, कागदावर मांडून न्या.

दुसरी एक गोष्ट तुमच्या कामाची आहे आणि ती फार थोड्यांना माहीत असते. खासगी एफएमला स्वतःच्या बातम्या देता येत नाहीत, पण 2011 च्या धोरणाने स्थानिक स्वरूपाच्या खेळांचं थेट समालोचन करायला त्यांना मोकळीक दिली. तरी ते करत नाहीत, कारण त्या वेळेत जाहिरात कोण देणार? सामुदायिक रेडिओचा पल्ला दहा-पंधरा किलोमीटरचा, पण तालुक्याच्या अंतिम सामन्याला तेवढा पुरतो. तुम्ही नुसता आवाज घेऊन गेलात तर चहा पाजून पाठवतील. आवाज, आयोजकांची लेखी परवानगी आणि एक जाहिरातदार, असे तिघं मिळून गेलात तर बसायला खुर्ची देतील.

आणि हा जाहिरातदार मला तरी तुमच्या दाजींच्या रूपात दिसतोय. ठिबकचं गिऱ्हाईक कोण? कापूसवाला, केळीवाला शेतकरी. कबड्डी आणि कुस्ती बघायला, ऐकायला कोण येतं? तोच. तुम्ही दुकानाकडे शिक्षा म्हणून बघताय. मी म्हणेन, नोकरी घ्या, पण बोलून घ्या. ठिबकची झुंबड उन्हाळ्यात, कापसाच्या लागवडीआधी आणि मृगबागेच्या, म्हणजे केळीच्या पावसाळी लागवडीच्या वेळी. मग पुन्हा कांदेबागेच्या, म्हणजे केळीच्याच पुढच्या लागवडीच्या सुमाराला. तुमच्या मोठ्या स्पर्धा डिसेंबर ते मार्च. एप्रिल-मे मध्ये मात्र दोन्ही गोष्टी एकमेकींच्या अंगावर येतील, तिथे आखाजीच्या (अक्षय्य तृतीयेच्या) आसपासची चार-पाच मैदानं निवडून बाकीची सोडावी लागतील. हे सगळं रुजू होण्याआधी सांगा. सुट्टीचे दिवस बिनपगारी धरा म्हणावं, चालेल. नात्यातली नोकरी ‘बघू नंतर’वर सुरू झाली की पहिल्या शनिवारीच भांडण होतं आणि भोगायला लागतं बहिणीला.

दाजींनी अट मान्य केली नाही तर? मग नोकरी दुसरीकडे शोधा, पण शोधाच. पावसाळ्याचे चार महिने रिकामे ठेवून हा धंदा टिकत नाही, हे वडील तुम्हाला आठ वर्षं सांगताहेत. त्यांचा राग तुमच्या आवाजावर आहे असं मला पत्रातून वाटलं नाही. कापसाचा भाव पडला की काय होतं ते बघितलेला माणूस आहे, मुलाचीही कमाई हंगामावरच चालते हे त्याला सोसत नाही. त्यांच्याशी वाद घालू नका. एक वही घाला: तारीख, गाव, ठरलेले पैसे, मिळालेले पैसे, जाण्यायेण्याचा खर्च. वर्षभराची बेरीज त्यांच्यापुढे ठेवा. ती बेरीज तुमचीही झोप उडवेल, कारण ठरलेले आणि मिळालेले या दोन रकान्यांत बरंच अंतर निघणार आहे. आयोजक मित्र असतात, बक्षिसाची रक्कम आधी वाटली जाते आणि कॉमेंट्रीवाल्याला शाल-नारळ. यापुढे निम्मे पैसे आधी, बोलणं व्हॉट्सअ‍ॅपवर, किती तास आणि किती सामने तेही लिहून. लाजू नका, डीजेवाला लाजत नाही.

हेच मी लग्नांत, शाळांच्या संमेलनांत सूत्रसंचालन करणाऱ्यांनाही सांगेन. शिरपूर-चोपड्याकडून तशी दोन पत्रं या महिन्यात आली आहेत, त्यांनीही हे आपल्यासाठी समजावं.

मान्यवरांचं काय करायचं, हे तुम्ही वैतागून विचारलंय. चढाई चालू असताना कोणीतरी चिठ्ठी सरकवतो, ‘आपले लाडके नेते मैदानात आलेत.’ मैदानात हे टळणार नाही, भांडूही नका. सकाळीच आयोजकाला सांगा की चिठ्ठ्या सगळ्या घेईन, वाचीन मध्यंतरात आणि टाइमआउटला, आणि नीट वाचीन, पदासकट. घाईत चुकीचं पद वाचलं तर नेते रागावतात, ही भीती घातलीत की ऐकतात. रेडिओसाठी रेकॉर्ड करत असाल त्या सामन्यात चिठ्ठी घेणारा वेगळा माणूस ठेवा.

आवाजाची काळजी घ्या. माइक हातात असताना ओरडायची गरज नसते, तरी तुम्ही सगळे ओरडता. घसा बसला की विड्याचं पान, खडीसाखर, मग पुन्हा तेच. तीन आठवड्यांहून जास्त घोगरेपणा राहिला तर कान-नाक-घशाच्या डॉक्टरकडे जा, पुडी खात असाल तर त्याआधीच.

मुलीकडच्यांना काय सांगायचं, तेही विचारलं होतंत. सांगा, ठिबकच्या दुकानात आहे आणि कॉमेंट्री करतो. वाक्य त्याच क्रमाने बोला. आवडत नसलं तरी.

आणि पुढच्या स्पर्धेला आजोबांची खुर्ची मंडपामागून उचलून तुमच्या टेबलाशेजारी आणा. आयोजकांपैकी कोणी विचारलंच, हे बाबा इथे कसे, तर सांगा, माझे स्कोअरर आहेत.